हप्ते किती उरले?



जेवणं उरकली असतील, ओटा पुसून झाला असेल. आज ऐकायला बसताना एक कागद आणि पेन जवळ घ्या. आज थोडे आकडे सांगणार आहोत. घाबरू नका, किराणा मालाच्या हिशेबापेक्षा अवघड काही नाही.

आम्ही मीरा रोड पूर्वेच्या एका बचत गटातल्या बायका. अकरा जणी आहोत. एक शाळेत शिकवते, दोघी भाईंदरला स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात पॅकिंग करतात, एक पोळ्यांच्या ऑर्डरी घेते, दोघीतिघी रोज लोकलने अंधेरी-दादर करतात. कुणी गिरगावातून आलेली, कुणी परळ-लालबागच्या चाळीतून, कुणी थेट कोकणातून. दर महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी सोसायटीच्या ऑफिसात बसतो. अकरापैकी आठ जणींच्या घरावर कर्ज आहे.

२०२३ च्या सुरुवातीची गोष्ट. बैठकीत सहज विषय निघाला आणि आम्ही एकमेकींना विचारलं, "तुमचं कर्ज किती?" आठही जणींनी पटापट उत्तरं दिली. पंधरा हजार. बावीस हजार. साडेअठरा. मग शाळेतल्या ताई म्हणाल्या, "अगं, हा तर हप्ता झाला. कर्ज किती आहे? किती वर्षं राहिली? दर काय लागतोय?" सगळ्या गप्प. दर महिन्याच्या पाच तारखेला खात्यात किती पैसे असायला हवेत हे आम्हाला तोंडपाठ. बाकीचं सगळं 'यांना माहीत'. आणि 'यांना' विचारलं, तर त्यांनाही हप्ताच माहीत.

म्हणून ठरलं, पुढच्या शनिवारी प्रत्येकीने आपल्या कर्जखात्याचं स्टेटमेंट घेऊन यायचं.

त्या शनिवारी आमच्या एका मैत्रिणीच्या कागदावर जे दिसलं, ते आज तुम्हाला सांगायचं आहे. तिने आणि तिच्या मिस्टरांनी २०२१ च्या सुरुवातीला वीस लाखांचं कर्ज घेतलं होतं. मुदत वीस वर्षं, म्हणजे २४० हप्ते. दर ७ टक्के. हप्ता १५,५०६ रुपये. दोन वर्षांत एकही हप्ता चुकलेला नाही. २४ हप्ते भरले, म्हणजे उरायला हवेत २१६. स्टेटमेंटवर शिल्लक हप्त्यांच्या रकान्यात आकडा होता ३३८.

आम्हाला वाटलं छापण्यात चूक आहे. तिने फोन केला. चूक नव्हती. दोन वर्षं नियमाने फेडल्यावर कर्ज संपायला अठरा वर्षांऐवजी अठ्ठावीस वर्षं लागणार होती. तिच्या मिस्टरांचं वय तेव्हा एकेचाळीस. एकेचाळीस आणि अठ्ठावीस किती, हे तिने मनातच केलं आणि पाण्याचा ग्लास मागितला.

हे कसं झालं, ते कळायला आधी हप्ता कसा बनतो ते पाहू.

मैत्रिणींनो, व्याज म्हणजे दुसऱ्याच्या पैशाचं भाडं. जितके पैसे अजून परत द्यायचे आहेत, तितक्यांवर दर महिन्याला भाडं लागतं. आपण हप्ता भरतो तेव्हा त्यातून आधी त्या महिन्याचं व्याज कापून घेतात आणि उरलेले पैसे मुद्दलात जमा होतात.

आता पेन उचला. धरा, तीस लाखांचं कर्ज, दर साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षं. हप्ता येतो साधारण २६,०३५ रुपये. पहिल्या महिन्याचं व्याज किती? तीस लाखांचे साडेआठ टक्के, भागिले बारा. म्हणजे २१,२५० रुपये. आपण भरले २६,०३५, मुद्दलात गेले फक्त ४,७८५.

पाच वर्षांनी काय चित्र असतं? तोवर आपण १५ लाख ६२ हजार भरलेले असतात. त्यातले १२ लाखांहून जास्त व्याजात गेलेले. तीस लाखांतून कमी झाले साडेतीन लाखांच्या आसपास. साडेसव्वीस लाख अजून तसेच उभे. आणि निम्मं कर्ज, म्हणजे पंधरा लाख, कधी फिटतं? दहाव्या वर्षी, असं आम्हा सगळ्यांना वाटलं होतं. खरं उत्तर आहे चौदावं वर्ष. वीसपैकी जवळजवळ चौदा वर्षं संपतात, तेव्हा कुठे कर्ज निम्म्यावर येतं.

यात कुणी फसवत नाही. मुद्दल मोठं असतं तेव्हा व्याज जास्त, मुद्दल उतरलं की व्याज कमी, एवढंच ते गणित आहे. पण हे माहीत असलं की एक गोष्ट लक्षात येते. सुरुवातीच्या वर्षांत मुद्दलात जास्तीचा टाकलेला प्रत्येक रुपया पुढच्या सगळ्या वर्षांचं स्वतःवरचं व्याज वाचवतो. शेवटच्या वर्षात टाकलेला रुपया फारसं काही करत नाही.

वीस वर्षांत या तीस लाखांचे एकूण भरायचे होतात ६२ लाख ४८ हजार. म्हणजे घराएवढंच कर्ज आणि कर्जाएवढंच व्याज, वर थोडं जास्तच.

आता मुदतीचं बघा. कर्ज घ्यायला जातो तेव्हा समोरचा माणूस फार प्रेमाने विचारतो, "ताई, हप्ता जड वाटतोय का? मुदत वाढवून देतो." तीस लाखांनाच वीसऐवजी तीस वर्षं घेतली, तर हप्ता होतो २३,०६७. म्हणजे महिन्याला वाचले तीन हजारांना थोडे कमी. बरं वाटतं ना? पण एकूण भरायचे होतात ८३ लाख. महिन्याच्या तीन हजारांसाठी वीस लाखांहून जास्त अधिक गेले. उलट पंधरा वर्षांत फेडायचं म्हटलं, तर हप्ता २९,५४२ येतो आणि एकूण भरायचे ५३ लाख १८ हजार. महिन्याला साडेतीन हजार जास्त भरले, तर नऊ लाख वाचतात आणि पाच वर्षं मोकळी मिळतात.

पंधराच वर्षं घ्या, असा आमचा आग्रह नाही. ज्या घरात एकाचाच पगार आहे, सासूबाईंची औषधं आहेत, मुलाची बारावी आहे, तिथे तीन हजार म्हणजे काय ते आम्हाला ठाऊक आहे. फक्त, मुदत वाढवून 'स्वस्त' मिळालं असं समजू नका. ते उधारीवर मिळालेलं असतं.

आता परत मैत्रिणीकडे येऊ. तिचे हप्ते वाढले कसे?

आपली बहुतेक घरकर्जं फ्लोटिंग दराची असतात, म्हणजे दर वरखाली होतो. रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना थोड्या मुदतीचे पैसे देते, त्याला रेपो दर म्हणतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग घरकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडावी लागतात. गृहकर्ज देणाऱ्या ज्या कंपन्या असतात, त्या आपला स्वतःचा मूळ दर ठेवतात आणि तो वरखाली करतात. करोनाच्या काळात रेपो ४ टक्क्यांवर होता. मे २०२२ पासून तो चढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर पोचला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. आमच्या मैत्रिणीचं कर्ज एका गृहकर्ज कंपनीचं. तिचा दर सातवरून नऊवर गेला.

दर वाढला की दोन रस्ते असतात. एक, हप्ता वाढवायचा आणि मुदत तीच ठेवायची. दुसरा, हप्ता तोच ठेवायचा आणि मुदत वाढवायची. पहिला रस्ता लगेच कळतो, कारण खात्यातून जास्त पैसे जातात. दुसरा कळतच नाही. पंधरा हजार पाचशे सहा रुपये दर महिन्याला जात होते, तसेच जात राहिले. मोबाईलवर इंग्रजीत एक मेसेज आला होता म्हणे. भिशीच्या आणि शाळेच्या मेसेजांमध्ये तो कुठे वाहून गेला कुणास ठाऊक.

आम्ही त्या शनिवारी ऑफिसातल्या फळ्यावर तिचा हिशेब मांडला. शिल्लक कर्ज १९ लाख एक हजार. नऊ टक्क्यांनी त्याचं महिन्याचं व्याजच १४,२६० रुपये. हप्ता १५,५०६. म्हणजे दर महिन्याला मुद्दलात पडत होते बाराशे-साडेबाराशे रुपये. मग अठ्ठावीस वर्षं नाही लागणार तर काय!

मुदत तीच, म्हणजे २१६ हप्त्यांची ठेवायची तर हप्ता १७,८०६ व्हायला हवा होता. २,३०० रुपयांची वाढ. आता दोन्ही बेरजा शेजारी ठेवा. वाढीव हप्त्याने एकूण भरायचे होते साडेअडतीस लाखांच्या आत. जुन्याच हप्त्याने ५२ लाख ३३ हजार. फरक जवळजवळ चौदा लाखांचा. हे सगळं दर वीस-पंचवीस वर्षं नऊच राहील असं धरून, कारण पुढचं कुणालाच माहीत नसतं. पण अंदाज यायला एवढं पुरेसं आहे.

तिला सगळ्यात जास्त काय लागलं, माहीत आहे? ती म्हणाली, "मला विचारलं असतं ना, तर मी महिन्याला दोन हजार काढले असते गं. कुठूनही काढले असते. पण मला कुणी विचारलंच नाही."

मैत्रिणींनो, आता विचारावं लागतं. १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने नियम काढला. तो बँकांनाही लागू आहे आणि गृहकर्ज कंपन्यांनाही. दर बदलला की त्याचा हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होणार ते कर्जदाराला कळवायचं. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, याची निवड कर्जदाराला द्यायची. मुदतीत केव्हाही थोडं किंवा पूर्ण कर्ज आधी फेडू द्यायचं. मुदत अशी ताणायची नाही की हप्त्यातून त्या महिन्याचं व्याजही निघू नये. आणि दर तिमाहीला एक सोपं स्टेटमेंट उपलब्ध करून द्यायचं. त्यात आतापर्यंत किती मुद्दल गेलं, किती व्याज गेलं, हप्ता किती, हप्ते किती उरले आणि दर काय, हे सगळं असलं पाहिजे. हा आपला हक्क आहे. पण कागद आला आणि आपण तो टीव्हीखालच्या खणात ठेवला, तर नियम तरी काय करणार?

तिने काय केलं ते सांगतो. २,३०० एकदम जमणार नव्हते. तिने अर्ज देऊन हप्ता एक हजाराने वाढवला. फक्त एक हजार. तेवढ्याने शिल्लक हप्ते ३३८ वरून २६७ वर आले. जवळजवळ सहा वर्षं कमी. शिवाय तिने आणि मिस्टरांनी ठरवलं की दर दिवाळीला बोनसमधले पंचवीस हजार मुद्दलात टाकायचे.

इथे एक गैरसमज खोडायला हवा. पुष्कळ जणींना वाटतं, आधी पैसे भरले तर दंड लागतो. आपल्या स्वतःच्या नावावरच्या, फ्लोटिंग दराच्या घरकर्जाला असा दंड लावता येत नाही. पैसे भरताना मात्र लेखी सांगा की रक्कम मुद्दलात घ्या आणि हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा. नाहीतर कधी कधी हप्ता कमी करून देतात, आपण खूश होतो, आणि वर्षं तेवढीच राहतात.

मोठी रक्कम नसली तरी चालतं. मघाच्या तीस लाखांच्या कर्जात वर्षाला एकच हप्ता जास्तीचा भरला, तर वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांत संपतं. जास्तीचे भरलेले वजा केले तरी सहा लाखांहून जास्त वाचतात. थेंबे थेंबे तळे साचे म्हणतात, तसं तळं उपसायलाही थेंब उपयोगी पडतो. मात्र अडीनडीला तीन-चार महिन्यांचा घरखर्च बाजूला ठेवूनच हे करा. सगळे पैसे कर्जात टाकायचे आणि आजारपणात क्रेडिट कार्डावर महागडं कर्ज काढायचं, हा शहाणपणा नव्हे.

२०२५ मध्ये रेपो दर उतरला. फेब्रुवारीपासून डिसेंबरपर्यंत साडेसहावरून सव्वापाचवर आला. चढताना ज्यांचा दर लगेच चढला, त्यांचा उतरताना उतरला का, ते स्टेटमेंटवर बघा. गृहकर्ज कंपन्यांच्या बाबतीत तर नक्की बघा. बऱ्याचदा नव्या ग्राहकाला कमी दर असतो आणि जुना ग्राहक जुन्याच दरावर राहतो. थोडं शुल्क भरून दर कमी करून मिळतो, पण मागायला जावं लागतं. आमच्यातल्या दोघी गेल्या. एकीला अर्धा टक्का कमी मिळाला. दुसरीला आधी 'नाही' म्हणाले. कर्ज दुसरीकडे हलवते म्हटल्यावर 'बघतो' म्हणाले आणि आठवड्याने दिला.

आता हप्त्याच्या बाहेरचा खर्च. घराची किंमत चाळीस लाख सांगतात. आपण चाळीसचा विचार करतो. पण तीस लाखांच्या वरच्या कर्जात घराच्या किमतीच्या ऐंशी टक्क्यांपर्यंतच पैसे मिळतात, आणि मुद्रांक शुल्क, नोंदणी हे सर्वसाधारणपणे त्या किमतीत धरत नाहीत. आपल्या मीरा-भाईंदरमध्ये अधिभार धरून मुद्रांक शुल्क सात टक्के, म्हणजे चाळीस लाखांवर दोन लाख ऐंशी हजार. नोंदणीचे तीस हजार. घर बांधकाम चालू असलेलं असेल तर वर जीएसटी, परवडणाऱ्या घरांना एक टक्का, इतरांना पाच. मग दलाली, सोसायटीचे पैसे, ग्रिल, ओटा, पंखे. हे पैसे येतात कुठून? पीएफमधून, भावाकडून, आणि आपल्या पाटल्यांमधून. पाटल्या गहाण ठेवल्या असतील, तर त्यांचं व्याजही घराच्याच किमतीत धरा. आम्ही ते कधी धरलं नव्हतं.

बांधकाम चालू असलेल्या घरात आणखी एक गोष्ट असते. ताबा मिळेपर्यंत बिल्डरला जितके पैसे दिले गेले, तेवढ्यांवर नुसतं व्याज भरावं लागतं. त्याला प्री-ईएमआय म्हणतात. त्यातला रुपयाही मुद्दलात जात नाही. इकडे भाडंही चालू. ताबा एक वर्ष लांबला, की तो वर्षभराचा दुहेरी भार घराच्या किमतीत मिळवा.

कर्जाबरोबर विमाही गळ्यात मारतात. विमा वाईट नाही. घर चालवणाऱ्याचं काही बरंवाईट झालं तर कर्ज बायको-मुलांच्या डोक्यावर येऊ नये, म्हणून तो हवाच. पण त्याचा हप्ता एकरकमी कापून कर्जातच मिळवतात का, ते बघा. साठ हजारांचा विमा साडेआठ टक्क्यांच्या वीस वर्षांच्या कर्जात मिळवला, तर फेडताना सव्वा लाख होतात. तोच विमा दरवर्षीचा हप्ता भरून वेगळा घेता येतो का, हे विचारायला पैसे पडत नाहीत.

हे सगळे खर्च कळायची एक सोय आता झाली आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून कुठलंही नवीन घरकर्ज देताना 'की फॅक्ट स्टेटमेंट' द्यावं लागतं, तेही कर्जदाराला समजेल त्या भाषेत. मराठीत मागा. त्यात व्याजाबरोबर बाकीची शुल्कं धरून खरा वार्षिक दर किती पडतो तो असतो, आणि कुठल्या हप्त्यात किती व्याज, किती मुद्दल याचा तक्ता असतो. त्यात न लिहिलेलं शुल्क नंतर तुमच्या संमतीशिवाय लावता येत नाही. दोन ठिकाणची कर्जं पारखायची असतील, तर हप्ता बघू नका, हा खरा वार्षिक दर आणि एकूण भरायची रक्कम बघा.

आता जरा आपल्या गावाचं. आपली नगरपरिषद १९८५ ची, महापालिका झाली २००२ मध्ये. स्टेशनजवळच्या कितीतरी इमारती त्या आधीच्या नाहीतर त्याच काळातल्या आहेत. जुना फ्लॅट स्वस्त मिळतो म्हणून आपण घेतो. पण समजा इमारत पस्तीस वर्षांची आहे आणि कर्ज वीस वर्षांचं. कर्ज संपेल तेव्हा इमारत पंचावन्न वर्षांची होईल. ती उभी असेल का? तीस वर्षं झालेल्या इमारतींची संरचनात्मक तपासणी कायद्यानेच करावी लागते. दर पावसाळ्याच्या तोंडावर धोकादायक इमारतींची यादी लागते, तेव्हा आपल्यातल्या कितीजणींच्या पोटात गोळा येतो! घर रिकामं करावं लागलं तरी हप्ता थांबत नाही. म्हणून जुना फ्लॅट घेताना तपासणीचा अहवाल मागा, भोगवटा दाखला आहे का विचारा, जमीन सोसायटीच्या नावावर झाली आहे का विचारा. पुनर्विकासात पुढे याच कागदांवर सगळं अडतं. आमच्या गटातल्या एकीने हे न विचारता फ्लॅट घेतला. आज ती हप्ताही भरते आणि दुरुस्तीची वर्गणीही. दुरुस्तीची ती वर्गणी कुठल्याच बँकेच्या तक्त्यात नसते.

हे ऐकून कुणी म्हणेल, मग कर्ज घेऊच नये का? तसं आम्ही म्हणणार नाही. भाड्याच्या घरातही पैसे जातातच, आणि दर अकरा महिन्यांनी करार, दरवेळी भाडं वाढणार, मालक म्हणाला की सामान उचला. मुलांच्या शाळा बदलतात. आमच्यातल्या कितीजणी त्यातून गेल्या आहेत. शिवाय आजचे वीस हजार आणि पंधरा वर्षांनंतरचे वीस हजार सारखे नसतात. पगार वाढतो, तसा तोच हप्ता हलका होत जातो. त्यामुळे ६२ लाख हा आकडा ऐकून छातीत धडकी भरवून घ्यायचं कारण नाही. मात्र घर घेण्याआधी तो आकडा कागदावर एकदा लिहिलेला असावा, आणि तो दोघांनी मिळून बघितलेला असावा. आयकरात सूट मिळते म्हणून कर्ज चालू ठेवा, असंही कुणी सांगतं. राहत्या घराच्या व्याजावरची ती सूट जुन्या करपद्धतीतच आहे. नवीन पद्धत घेतली असेल तर ती धरू नका.

शेवटची गोष्ट नावाची. कर्जाच्या अर्जावर आपली सही घेतात, सहकर्जदार म्हणून. सही केली की फेडायची जबाबदारी आपलीही. पण घराच्या करारनाम्यावर आपलं नाव आहे का? आमच्या आठ जणींपैकी सात जणी सहकर्जदार निघाल्या. करारनाम्यावर नाव होतं चौघींचं. तीन जणी कर्जाच्या मालकीण होत्या, घराच्या नव्हत्या. कर्जावर सही मागतील तेव्हा करारनाम्यावर नाव मागा. यात भांडण नाही, हिशेब आहे. आणि घर फक्त बाईच्या नावावर घेतलं, तर आपल्या राज्यात एप्रिल २०२१ पासून मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. चाळीस लाखांच्या घरावर चाळीस हजार.

आणि कर्ज फिटल्यावर? मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत द्यावी लागतात. त्यांच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला पाच हजार भरपाई, असा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. ती फाईल हातात घेतल्याशिवाय पेढे वाटू नका.

तर या आठवड्यात एकच काम करा. कर्जखात्याचं ताजं स्टेटमेंट काढा. ॲपवर मिळतं, शाखेतही मिळतं. एका वहीत पाच ओळी लिहा: आज शिल्लक कर्ज किती, दर किती, हप्ता किती, हप्ते किती उरले, आणि करारनाम्यावर नावं कुणाची. दर तीन महिन्यांनी त्याखाली नवीन ओळ. समजलं नाही तर मुलीला बसवा शेजारी. तिलाही कळू दे घर कसं चालतं ते.

आमच्या त्या मैत्रिणीची वही आमच्या बैठकीत दर तिमाहीला उघडते. २०२५ संपताना तिचे साठ हप्ते भरून झाले. मूळ हिशेबाने १८० उरायला हवे होते. तिच्या स्टेटमेंटवर आहेत १८४. म्हणजे अजून चार हप्ते मागे आहे. पण ३३८ चे १८४ झाले, महिन्याला एक हजार आणि दिवाळीचे पंचवीस हजार टाकून, आणि थोडा दर उतरला म्हणून. मागच्या शनिवारी ती म्हणाली, "येत्या दिवाळीत ते चार पण काढते."

तुमचे किती उरलेत, बघा. आणि बघितल्यावर शेजारणीलाही विचारा. हप्ता नका विचारू, हप्ते विचारा.